वळिवड्याच्या बराकी

गारगोटीकडं लग्न ठरलं, की बस्ता काढायला बरीच मंडळी गांधीनगर गाठतात. आधी एसटीनं कोल्हापूर, मग तिथून पुढं काही किलोमीटर. साड्यांच्या ढिगापुढं बसलेल्या वऱ्हाडाला सहसा ठाऊक नसतं, की ही जागा मुळात घर हरवलेल्यांची छावणी होती. तीही एकदा नव्हे, दोनदा.

स्वातंत्र्यलढ्यात गारगोटीच्या कचेरीवरच्या हल्ल्यात सात क्रांतिवीर हुतात्मा झाले, ती तारीख १३ डिसेंबर १९४२. पुढच्याच वर्षी, कोल्हापूर संस्थानातल्याच वळिवड्याला, म्हणजे आजच्या गांधीनगरच्या जागी, पोलंडची माणसं उतरू लागली. सुमारे पाच हजार, त्यात बहुतेक बायका आणि पोरं. १९४० पासून सोव्हिएत राजवटीनं पूर्व पोलंडमधल्या लाखोंना सायबेरिया-कझाकस्तानात नेऊन टाकलं होतं. १९४१ मध्ये हिटलर रशियावर उलटला, रशियाला पोलंडशी समझोता करावा लागला आणि त्यातल्या अनेकांची सुटका झाली. त्यांतली काही इराणमार्गे भारतात पोचली.

लांबच लांब बराकी, वर कौलं, चटईच्या भिंती, पुढं व्हरांडा. शाळा, चर्च, दवाखाना, नाटकाचा रंगमंचही होता. परक्या मुलखात एक पोलिश गावच वसलं.

१९४५ मध्ये युद्ध संपलं आणि खरी पंचाईत सुरू झाली.

दोस्त राष्ट्रांच्या याल्टाच्या वाटाघाटींत त्यांची गावं सोव्हिएत हद्दीत गेली. परतायचं तर कुठं? लंडनमधल्या परागंदा पोलिश सरकारची मान्यताही ब्रिटननं जुलै १९४५ मध्ये काढून घेतली. काही कुटुंबं पोलंडला गेली, बाकीची ब्रिटन, ऑस्ट्रेलिया, अमेरिकेकडं पांगली. ब्रिटनमध्ये तरी पक्कं घर कुठं होतं? लष्करानं सोडलेल्या, अर्धगोल पत्र्याच्या झोपड्यांत अनेकांनी वर्षानुवर्षं संसार केले.

१९४८ मध्ये वळिवड्याची छावणी रिकामी झाली. तोवर फाळणी झाली होती. सिंध सोडून आलेली कुटुंबं त्याच बराकींत शिरली. कल्याणजवळच्या लष्करी छावणीतही हेच घडलं. १९४९ मध्ये तिचं उल्हासनगर झालं.

छप्पर तेच, पण नशीब निराळं. पोलिश माणसांना वळिवडं म्हणजे युद्ध सरेपर्यंतचा आसरा होता. सिंधी कुटुंबांचा मात्र हाच देश होता. त्यांना इथं मुळं धरता आली. कापडाचा व्यापार वाढला आणि छावणीचं गांधीनगर झालं.

रेल्वे स्टेशनच्या पाटीवर आजही वळिवडेच आहे, आणि पोलिश निर्वासितांचं स्मारक कोल्हापूरच्या महावीर उद्यानात. पुढच्या खेपेला बस्ता बांधून झाला, की परतीची एसटी धरण्याआधी तिथं पाच मिनिटं जाऊन या.