पोटगीचा एकतर्फी आदेश : दाद मागण्यासाठी तीन महिन्यांची मुदत

बोम्मसंद्रा (बेंगळुरू) : होसूर रस्त्यालगतच्या बोम्मसंद्रा औद्योगिक वसाहतीत महाराष्ट्र आणि सीमाभागातून आलेल्या कामगाराचे एक उदाहरण घेऊ. पत्नी सोलापूरला माहेरी राहते. कायद्यानुसार तिला तेथील कौटुंबिक न्यायालयातच पोटगीचा अर्ज करता येतो. समन्स पतीच्या जुन्या पत्त्यावर जाते, किंवा मिळूनही तो तारखेला हजर राहत नाही. अखेर न्यायालय त्याच्या अनुपस्थितीत एकतर्फी आदेश देते आणि त्याला ही बाब थकबाकीच्या वसुलीचे वॉरंट आल्यावरच कळते.

1 जुलै 2024 पासून फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 125 ची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 144 ने घेतली आहे. कलम 145 नुसार पुरावा प्रतिवादीच्या किंवा त्याच्या वकिलाच्या उपस्थितीत नोंदवला जातो. मात्र तो समन्स हेतुपुरस्सर टाळत आहे किंवा हजर राहण्यास जाणूनबुजून हयगय करत आहे, अशी न्यायालयाची खात्री झाल्यास एकतर्फी सुनावणी होते.

असा आदेश रद्द करण्यासाठी त्याच न्यायालयात तीन महिन्यांच्या आत अर्ज करता येतो आणि त्यात सबळ कारण दाखवावे लागते. कायद्याच्या शब्दांनुसार ही मुदत आदेशाच्या तारखेपासून सुरू होते. समन्सच मिळाले नसल्यास काही उच्च न्यायालयांनी ती आदेशाची माहिती झाल्याच्या दिवसापासून मोजली आहे; पण त्यावर विसंबून राहणे धोक्याचे ठरते.

अर्जासोबत आदेशाची प्रमाणित प्रत आणि अनुपस्थितीच्या कारणाचा पुरावा जोडावा. पत्ता बदलल्याचा भाडेकरार किंवा रुग्णालयाची कागदपत्रे येथे उपयोगी पडतात. ‘कामातून सवड मिळाली नाही’ एवढेच कारण सहसा पुरेसे ठरत नाही.

आदेश रद्द करताना न्यायालय पत्नीला खर्च देण्याची अट घालू शकते. हे न्याय्यच आहे, कारण प्रकरण पुन्हा सुरू झाल्यास पत्नी आणि मुलांची प्रतीक्षा लांबते. केवळ अर्ज केल्याने वसुली आपोआप थांबत नाही. त्यासाठी स्थगिती स्वतंत्रपणे मागावी लागते.

थकबाकी किती वाढू शकते, हे साध्या हिशेबाने कळते. दरमहा 10 हजार रुपयांची पोटगी अर्जाच्या तारखेपासून मंजूर झाली आणि आदेशापर्यंत 18 महिने लोटले, तर देणे 1 लाख 80 हजारांवर जाते. नागपूरच्या कौटुंबिक न्यायालयातून सुरू झालेल्या ‘रजनेश विरुद्ध नेहा’ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 4 नोव्हेंबर 2020 रोजी पोटगी अर्जाच्या तारखेपासूनच द्यावी, असे स्पष्ट केले. दोन्ही पक्षांनी उत्पन्न, मालमत्ता आणि देण्यांचे प्रतिज्ञापत्र देणेही बंधनकारक केले. म्हणूनच गैरहजर राहणाऱ्या पतीच्या उत्पन्नाचा अंदाज पत्नीने दिलेल्या माहितीवरून बांधला जातो.

पोटगी थकवल्यास प्रत्येक महिन्याच्या थकीत रकमेसाठी एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते. कैद भोगली तरी देणे फिटत नाही.

रद्द करण्याचा अर्ज फेटाळला गेल्यास कौटुंबिक न्यायालय अधिनियम, 1984 नुसार उच्च न्यायालयात पुनरीक्षण अर्ज करता येतो. परिस्थिती बदलली असेल, उदाहरणार्थ नोकरी गेली असेल, तर कलम 146 अन्वये रक्कम कमी-जास्त करून मागता येते. पत्नीलाही महागाई किंवा मुलांच्या शिक्षणाच्या कारणाने वाढ मागण्याचा तोच हक्क आहे.

या सर्व मार्गांपेक्षा पहिल्याच तारखेला हजर राहून आपले म्हणणे मांडणे दोघांच्याही हिताचे असते. वकिलाचा खर्च झेपत नसल्यास जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे विनामूल्य साहाय्यासाठी अर्ज करता येतो. महिलांना हे साहाय्य उत्पन्नाच्या अटीविना मिळते.