मोडण्यासाठीं बांधलेलीं नगरें

चित्रपट पाहून परतणारा प्रेक्षक नटाची, गायकाची आणि क्वचित् दिग्दर्शकाचीहि आठवण काढतो; परंतु ज्या घरांत ती कथा घडली तें घर कोणीं बांधलें, हा प्रश्न सहसा त्याच्या मनांत येत नाहीं. त्या घराच्या कर्त्यास कलादिग्दर्शक म्हणतात. आणि हा प्रश्न कोणास न सुचणें हेंच त्याच्या यशाचें गमक होय.

संहिता हातीं पडली म्हणजे त्याच्या कामास आरंभ होतो. कथेचा काळ, प्रदेश व पात्रांची सांपत्तिक स्थिति यांचा अभ्यास करून तो प्रथम रेखाटनें काढतो, मग लहान प्रतिकृति करतो आणि शेवटीं सुतार, रंगारी व मूर्तिकार यांच्याकडून लांकूड व प्लास्टर यांची वास्तु उभी करवितो. दगडी दिसणारी भिंत बहुधा पोकळ असते. कॅमेरा मागें नेतां यावा म्हणून ती काढतांहि येते. ताज्या रंगावर धूर, ओल आणि हातांचा मळ मुद्दाम रंगवावा लागतो. कारण कोरें करकरीत घर नांदतें वाटत नाहीं.

या कलेंत महाराष्ट्रांतील नितीन चंद्रकांत देसाई (१९६५–२०२३) यांनीं मोठा लौकिक मिळविला. १९८७ सालीं नीतीश रॉय यांचे साहाय्यक म्हणून ते या व्यवसायांत आले. दूरदर्शनवरील ‘चाणक्य’ (१९९१) या मालिकेनें त्यांचें नांव झालें. मौर्यकाळचें राहतें घर आज एकहि उभें नाहीं. त्या काळचें नगर शिल्पें व ग्रंथांतील वर्णनें यांच्या आधारें कल्पावें लागतें. शिवाय मालिकेंत तोच दरबार अनेक भागांत दिसतो; म्हणून तो पुनःपुन्हां पाहूनहि खरा वाटला पाहिजे.

पुढें चित्रपटांत त्यांच्या हातचें वैविध्य दिसलें. ‘लगान’साठीं (२००१) भुजजवळच्या माळावर त्यांनीं मातीच्या घरांचें अख्खें खेडें वसविलें, तर ‘देवदास’मध्यें (२००२) रंगीत कांचांचा महाल उभारला. एकांत दुष्काळाची कोरड, दुसऱ्यांत ऐश्वर्याचा झगमगाट. तरी दोन्हींकडे वास्तु कथेच्याच आज्ञेंत राहिली. या दोन चित्रपटांसह ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ आणि ‘हम दिल दे चुके सनम’ यांसाठीं, असें चार वेळां त्यांस राष्ट्रीय पारितोषिक लाभलें.

चित्रीकरण संपलें कीं असें नगर मोडून टाकतात. या क्षणभंगुरतेवर उपाय म्हणूनच कीं काय, २००५ सालीं देसायांनीं कर्जतजवळ स्वतःचा स्टुडिओ उभारला. ‘जोधा अकबर’ (२००८) चित्रपटाचे महाल आणि ‘राजा शिवछत्रपति’ मालिकेचीं दृश्यें तेथेंच साकारलीं. परंतु मोडण्यासाठीं बांधलेलें टिकवूं पाहणें खर्चाचें असतें. सह्याद्रीच्या पायथ्याचा पाऊस प्लास्टरची गय करीत नाहीं. मे २०२१ मध्यें ‘जोधा अकबर’च्या महालास आग लागली, कर्जाचा भारहि वाढत गेला. २ ऑगस्ट २०२३ रोजीं त्याच स्टुडिओंत त्यांचा अंत झाला.

त्यांच्या पुष्कळशा वास्तु आज कोठेंहि उभ्या नाहींत. त्या चित्रफितींतच राहिल्या आहेत. ‘लगान’ पुन्हां पाहण्याचा योग आला, तर खेळाबरोबर त्या गांवच्या भिंतींकडेहि क्षणभर लक्ष द्यावें. तेथील माणसें पिढ्यान् पिढ्या तेथेंच राहत आलीं असावींत असें वाटतें, तें त्या भिंतींमुळें.