सावित्री म्हणजे कुणाची कोण?



गटाची हजेरी घेताना एक नाव हमखास येतं. कुठे सावित्री, कुठे सावित्रा, कुठे सावित्राबाई, आणि अगदी जुन्या आजी असतील तर साऊबाई. बायकांचंच कशाला, आपल्या गटांचंही तेच. 'सावित्रीबाई फुले महिला बचत गट' या नावाचे इतके गट आहेत की बँकेत पासबुक मागताना गावाचं नाव आधी सांगावं लागतं. म्हणून या अंकात नावाबद्दलच लिहायचं ठरवलं.

लिहायला निमित्त झालं एका ग्रामसंघाच्या बैठकीचं. पुढची बैठक वडपौर्णिमेच्या दिवशी येत होती, तर तारीख बदलायची का, असा विषय चालला होता. एक ताई गप्प बसल्या होत्या. त्यांचं नाव सावित्रीबाई, आणि मालक जाऊन चार वर्षं झालेली. मागून कुणीतरी हळूच बोललं, "नाव सावित्री, आन् नशीब बघा." बोलणारीच्या मनात वाईट नसेलही. पण त्या ताईंनी इतिवृत्तावर सही केली आणि चहा न घेता निघाल्या. दारात मला म्हणाल्या, "बापानं हे नाव ठेवायलाच नको हुतं."

म्हणजे आपल्या डोक्यात अर्थ कसा बसलाय बघा. सावित्री म्हणजे नवऱ्याला मरणातून परत आणणारी. मग जिचा नवरा गेला तिचं नाव खोटं ठरलं! खरंच या नावाचा अर्थ एवढाच आहे का?

आधी शब्द पाहू. संस्कृतमध्ये 'सू' असा एक धातू आहे. त्याचा अर्थ चालना देणं, हलवणं, कामाला लावणं. त्यावरून 'सवितृ' हा शब्द झाला, म्हणजे चालना देणारा. हे सूर्याचं नाव आहे. सूर्याची नावं पुष्कळ, पण हे नाव त्याच्या कामावरून पडलेलं. तो उगवला की गोठ्यातली जनावरं उठतात, पाखरं उडतात, माणसं कामाला लागतात. ऋग्वेदात संध्याकाळी सगळ्यांना विसावा देणाराही सवितृच आहे.

आपण 'सविता' म्हणतो तो हाच शब्द. गंमत म्हणजे आपण ते नाव मुलीला ठेवतो, पण संस्कृतात ते पुल्लिंगी आहे. दाता, कर्ता, नेता, तसाच सविता. कुणी सविता नावाच्या ताई वाचत असतील तर त्यांनी वाईट वाटून घेऊ नये, मराठीत ते नाव आता पक्कं बाईचंच झालंय.

आता सावित्री. जनकाची ती जानकी, पर्वताची ती पार्वती, द्रुपदाची ती द्रौपदी. या नावांत पहिलं अक्षर कसं बदलतं ते बघा. 'ज'चा 'जा' झाला, 'प'चा 'पा' झाला. तसाच 'स'चा 'सा' होऊन सवितृची ती सावित्री. सरळ मराठीत सांगायचं तर सूर्याची लेक. या अर्थात नवरा कुठेच येत नाही.

या नावाचा आणखी एक उपयोग आहे आणि तो मला फार बोचतो. गायत्री मंत्र सगळ्यांना ऐकून माहीत असतो. ऋग्वेदाच्या तिसऱ्या मंडलात तो आहे, विश्वामित्र ऋषींच्या नावावर. गायत्री हे खरं तर त्याच्या छंदाचं नाव, म्हणजे त्याची चाल. मंत्रात प्रार्थना केली आहे ती सवितृची, बुद्धीला चालना दे म्हणून. त्यामुळे त्या मंत्राचं दुसरं नाव सावित्री. मुंजीत मुलाला हाच मंत्र देतात आणि तिथून त्याचं शिक्षण सुरू झालं असं जुन्या काळी धरायचे. पण शेकडो वर्षं हा मंत्र बायकांनी म्हणायचा नाही आणि शूद्र ठरवलेल्या जातींनीही म्हणायचा नाही, असा नियम होता. मंत्राचं नाव बाईचं, मागणं बुद्धीचं, आणि बाईलाच त्याची बंदी! हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

आता ती वडाची गोष्ट. ती मूळ महाभारतातली, वनपर्वातली. पांडव वनवासात असताना युधिष्ठिर मार्कंडेय ऋषींना विचारतो की आमच्या द्रौपदीसारखी बाई तुम्ही कुठे पाहिली किंवा ऐकली आहे का? तेव्हा मार्कंडेय ही गोष्ट सांगतात. मद्र देशाचा राजा अश्वपती. त्याला मूलबाळ नव्हतं. त्याने १८ वर्षं सावित्री देवीची उपासना केली आणि मुलगी झाली, म्हणून देवीचंच नाव मुलीला ठेवलं. इथे थोडं थांबा. बारशाला हे नाव ठेवलं तेव्हा सत्यवान कुठेच नव्हता. नाव आधीचं, नवरा नंतरचा.

मुलगी मोठी झाली, पण तिचं तेज बघून कुणी मागणीच घालेना. बाप म्हणाला, तुझा तूच शोध. ती म्हाताऱ्या मंत्र्यांना बरोबर घेऊन रथातून बाहेर पडली आणि तिने निवडला तो रानात राहणारा सत्यवान. त्याचा बाप द्युमत्सेन शाल्व देशाचा राजा होता, पण डोळे गेलेले, राज्य शत्रूने घेतलेलं. नारदांनी सांगितलं की मुलगा गुणी आहे, पण आयुष्य एकच वर्षाचं. बापानेही दुसरा बघ म्हणून सांगितलं. ती म्हणाली, एकदा निवडलं ते निवडलं.

पुढचं तुम्हाला माहीत आहे. वर्ष भरलं, सत्यवान लाकडं तोडायला गेला, ही बरोबर गेली. त्याचं डोकं दुखायला लागलं, तो तिच्या मांडीवर डोकं ठेवून पडला आणि यम आला. यम निघाला तशी ही मागे मागे चालत राहिली. रडली नाही, पाया पडून गयावया केली नाही. बोलत राहिली. सात पावलं बरोबर चाललं की मैत्री होते, आता आपली मैत्री झाली, तर माझं ऐका, असं म्हणाली. यमाला तिचं बोलणं आवडलं. म्हणाला, याचा जीव सोडून काहीही माग.

तिने काय मागितलं, ते क्रमाने बघा. पहिल्यांदा सासऱ्याचे डोळे. मग सासऱ्याचं राज्य. मग आपल्या बापाला मुलगे. मग स्वतःला सत्यवानापासून मुलगे. यम 'दिले' म्हणाला. आता नवऱ्याशिवाय ते कसे व्हायचे? यमाला जीव सोडावाच लागला. आपण प्रशिक्षणात वाटाघाटी शिकवतो ना, बँकेच्या साहेबासमोर काय आधी बोलायचं, काय नंतर, त्याला याहून चांगलं उदाहरण मला सापडलेलं नाही.

या मूळ गोष्टीत वडाचं झाड नाही, सात जन्मांचा करारही नाही. तिने तीन रात्रींचं व्रत केलं असं येतं, तेवढंच. वड आला तो पुढे व्रताच्या कथेतून. आपल्याकडे ज्येष्ठ पौर्णिमेला वड पुजतात, उत्तर भारतात हेच व्रत ज्येष्ठ अमावास्येला असतं. वड पुजू नका असं मी म्हणत नाही. माझी आईही पुजते. पण झालं असं की धीट, बोलकी, स्वतः निवड करणारी सावित्री मागे पडली आणि धागा गुंडाळणारी तेवढी उरली. वर तिच्यापुढे 'सती' लावून आपण तिची शिवीही करून ठेवली. 'मोठी सतीसावित्री लागून गेली' हे वाक्य कधी कौतुकाने बोललेलं ऐकलंय का?

आता आपल्या सावित्रीकडे येऊ. ३ जानेवारी १८३१ ला नायगावला, सातारा जिल्ह्यात, नेवसे पाटलांच्या घरी मुलगी झाली, तिचं नाव सावित्री. १८४० मध्ये नऊ वर्षांची असताना लग्न झालं, जोतीराव तेव्हा तेरा वर्षांचे. लिहायला वाचायला ती लग्नानंतर शिकली. १८४८ मध्ये पुण्यात भिडेवाड्यात मुलींची शाळा सुरू झाली आणि ती शिकवायला लागली. रस्त्यात लोक शेण टाकायचे म्हणून दुसरं लुगडं बरोबर न्यायची, हे आपण दर वर्षी भाषणात ऐकतो. पण मघाशी लक्षात ठेवायला सांगितलं ते आता जोडा. बुद्धीला चालना देणारा 'सावित्री' मंत्र ज्यांना बंद होता, त्याच बायकांना आणि त्याच जातींच्या पोरांना अक्षर द्यायला जी उभी राहिली तिचं नावही सावित्रीच. ठरवून कुणी ठेवलं नव्हतं, पण असं जुळून आलं खरं.

आणि आता नशिबाचा हिशेब. जोतीराव गेले २८ नोव्हेंबर १८९० ला. अंत्ययात्रेत टिटवं धरून पुढे चालल्या त्या सावित्रीबाई स्वतः. त्या काळात! पुढे सत्यशोधक समाजाचं काम त्यांनी हातात घेतलं. १८९३ मध्ये सासवडला समाजाची परिषद झाली, तिच्या अध्यक्ष त्याच. १८९७ मध्ये पुण्यात प्लेग आला. त्यांचा दत्तक मुलगा यशवंत डॉक्टर होता. एका विधवेच्या पोटी जन्मलेलं ते मूल या दोघांनी आपलं म्हणून वाढवलं होतं. त्याच्या दवाखान्यात सावित्रीबाई रोगी आणून पोचवत होत्या. मुंढव्याच्या एका आजारी पोराला पाठीवर घेऊन त्या आल्या, त्यात त्यांनाही लागण झाली आणि १० मार्च १८९७ ला त्या गेल्या. नवरा गेल्यानंतरची ही सव्वासहा वर्षं. त्या बैठकीत मागून बोललेल्या ताईंनी हा हिशेब एकदा करून बघावा. महाराष्ट्रात ज्या सावित्रीच्या नावाने विद्यापीठ आहे, जिचा जन्मदिवस बालिका दिन म्हणून पाळतात, ती विधवाच होती आणि तिचं नाव काही खोटं ठरलं नाही. उलट शाळेत जाणाऱ्या पोरींना आपण 'सावित्रीच्या लेकी' म्हणतो. सूर्याची लेक सावित्री, आणि तिच्या लेकी आपण.

जाता जाता कागदाचं बोलते, कारण गटात सगळ्यात जास्त अडतं ते तिथेच. हे नाव बोलण्यात सावित्रा, शाळेच्या दाखल्यावर सावित्री, आधारवर सावित्रीबाई, आणि पासबुकावर भलतंच असतं. काही तायांचं तर लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीने नवीन नाव लिहिलेलं, त्यामुळे माहेरची सावित्री सासरी कुणी वेगळीच. कर्जाचा अर्ज असो की विम्याचा दावा, नावात तफावत दिसली की फाइल परत येते. वारस म्हणून तुमचं नाव लिहिलं असेल तर दुःखाच्या दिवसांत हेलपाटे घालावे लागतात. लग्न झालं म्हणून नाव बदललंच पाहिजे असा कायदा नाही. जे नाव ठेवायचं ते ठरवा आणि सगळीकडे तेच, त्याच स्पेलिंगने करून घ्या. आधारवर नाव आयुष्यात दोनदाच बदलता येतं, त्यामुळे घाईने दुरुस्ती करून एक संधी वाया घालवू नका. नाव पूर्णच बदलायचं असेल तर राजपत्रात प्रसिद्ध करावं लागतं, त्यासाठी अर्ज करायला मी मदत करीन.

घरात बाळ येणार असेल तर आणखी एक. १ मे २०२४ ला किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर आपल्या राज्यात आधी बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि मग आडनाव असा क्रम आहे. म्हणजे आईचं नाव आता लेकराच्या नावाला कायमचं चिकटणार. जन्माची नोंद २१ दिवसांच्या आत करा, त्याला पैसे लागत नाहीत. आणि दवाखान्यात फॉर्म भरणाऱ्या पाहुण्यांवर सोडू नका. स्वतःचं आधार कार्ड समोर ठेवून आईच्या नावाचं अक्षर न् अक्षर तपासा, मगच सही करा.