सावेदादांचे मनगट

समोर जे घडत आहे त्याला ‘थांब’ किंवा ‘पुन्हा एकदा’ असा हुकूम सोडण्याचा अधिकार ज्याला नाही, अशा छायालेखकाचा व्यवसाय आपल्या देशात कोणी आरंभिला, असे विचारल्यास हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांचेच नाव प्रथम घ्यावे लागते. १८९६ साली मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्यूमिएर बंधूंची हलती चित्रे झळकली, आणि छायाचित्रांचा धंदा करणाऱ्या या गृहस्थांनी विलायतेहून कॅमेरा मागविण्याची तजवीज केली. १८९९ साली हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिकदादा व कृष्णा न्हावी यांची कुस्ती त्यांनी टिपली.

त्या काळच्या यंत्राचा दांडा हातानेच, सेकंदाला सुमारे दोन फेरे या गतीने, फिरवावा लागे. मल्लाने पट काढताच उत्साहाच्या भरात मूठ किंचित जलद फिरली, की पडद्यावर तीच झेप उलट मंदावलेली दिसे. म्हणून डोळा कुस्तीत गुंतलेला असूनही मनगट निर्विकार ठेवण्याची जी साधना, तीच मला या व्यवसायाची खरी विद्या वाटते. शिवाय फीत धुण्यासाठी लंडनला पाठवावी लागे, त्यामुळे काय साधले आणि काय हुकले हे कळण्यास जहाजाच्या फेरीची प्रतीक्षा आलीच.

पुढे १९०३ चा दिल्ली दरबारही त्यांनी चित्रित केला. परंतु केंब्रिजला सीनियर रँग्लर होऊन १९०१ च्या अखेरीस परतलेल्या र. पु. परांजपे यांचे मुंबईत झालेले स्वागत त्यांनी टिपले, याचेच मोल मला अधिक वाटते.