चिक चॉकलेट : मुंबईच्या स्विंग संगीताचा विस्मृतीत गेलेला शिलेदार

अमेरिकेतील स्विंग संगीत म्हटले की बेनी गुडमन, ड्यूक एलिंग्टन ही नावे आठवतात. याच संगीताची एक शाखा मुंबईत रुजली आणि तिथून हिंदी चित्रपटगीतांत मिसळली, हे मात्र फारसे कोणाला ठाऊक नसते. ते घडवणाऱ्या वादकांपैकी एक म्हणजे अंतोनियो झेवियर वाझ ऊर्फ चिक चॉकलेट.

१९१६ साली गोव्यातील हळदोणे गावी त्यांचा जन्म झाला. पोर्तुगीज अमलातील गोव्यात चर्चच्या शाळांतून मुलांना स्वरलेखन शिकवले जाई. त्या बळावर अनेक गोमंतकीय तरुणांनी मुंबईत वादक म्हणून उपजीविका शोधली. १९३५ मध्ये लिऑन ॲबी यांचा कृष्णवर्णीय अमेरिकी वाद्यवृंद ताजमहाल हॉटेलात आला आणि अस्सल जॅझ येथील वादकांच्या कानी पडले. चिक यांनी लुई आर्मस्ट्राँगना आदर्श मानले. पुढे 'भारताचे आर्मस्ट्राँग' हीच त्यांची ओळख झाली.

स्विंगचे मर्म त्याच्या लयीत आहे. एका मात्रेचे दोन भाग समान न ठेवता पहिला लांबवायचा व दुसरा आखडायचा. त्यामुळे लयीला झोका मिळतो. ट्रम्पेट-ट्रॉम्बोन आणि सॅक्सोफोन-क्लॅरिनेट हे गट परस्परांशी सवाल-जवाब करतात.

ही शैली चित्रपटांत आली ती पुणतांब्याच्या रामचंद्र चितळकरांमुळे, अर्थात सी. रामचंद्र यांच्यामुळे. गोरेगावच्या फिल्मिस्तानचे 'शहनाई' (१९४७) व 'समाधी' (१९५०) हे चित्रपट त्यांच्या पाश्चात्त्य ढंगाच्या चालींमुळे गाजले. चिक हे त्यांचे सहायक. भगवानदादांच्या 'अलबेला'त (१९५१) तर ते आपल्या वाद्यवृंदासह पडद्यावरही दिसतात. त्याच वर्षी 'नादान'ला त्यांनी स्वतंत्र संगीत दिले.

चित्रपटसृष्टीकडे वळण्यामागे व्यवहारही होता. १९५० मध्ये मुंबईत संपूर्ण दारूबंदी लागू झाली आणि हॉटेलांतील नृत्यसंध्यांना ओहोटी लागली. ध्वनिमुद्रणाचे काम हाच वादकांचा मोठा आधार उरला. संगीतकार चाल गाऊन दाखवीत. गोमंतकीय संयोजक ती स्वरलिपीत उतरवून प्रत्येक वाद्याचा भाग लिहून काढीत. मोबदला मिळे तो कामापुरता. श्रेयनामावलीत वादकांची नावे सहसा येत नसत.

१९६७ मध्ये, वयाच्या अवघ्या एकावन्नाव्या वर्षी चिक यांचे मुंबईत निधन झाले. फिल्मिस्तान स्टुडिओही २०२५ मध्ये बांधकाम व्यावसायिकाच्या हाती गेला. वास्तू जातात, गाणी मात्र उरतात. आणि त्यांतील वादक कोण होते याची नोंद नसेल, तर त्या गाण्यांचा निम्मा इतिहास हरवतो. 'अलबेला' पुन्हा पाहाल, तेव्हा नायक-नायिकेवरून क्षणभर नजर हटवून ट्रम्पेट वाजवणाऱ्या त्या माणसाकडे अवश्य पाहा.