उंचीचे माप, माणसाचे माप

सर्कशीतील ठेंगणे विदूषक आपण सर्वांनीच पाहिले आहेत. तोंडाला रंग फासून, कोलांट्या खात ते रिंगणात येतात, घटकाभर हसवतात आणि निघून जातात. त्या रंगाआड घरदार असलेला, मानापमान जाणणारा माणूस आहे, हा विचार आपल्या मनाला क्वचितच शिवतो. तो करावयास लावणारी एका जर्मन कुटुंबाची हकीकत आम्ही आज वाचकांपुढे ठेवीत आहोत.

ड्रेसडेनजवळच्या श्नायडर कुटुंबात सात भावंडे होती. तिघांची वाढ चारचौघांसारखी झाली. एक भाऊ व तीन बहिणी मात्र ठेंगणी राहिली. अमेरिकेत ही चौघे हॅरी, ग्रेस, डेझी व टायनी या नावांनी सर्कशीत आणि चित्रपटांत गाजली. 'द अनहोली थ्री' या 1925 सालच्या मूकपटात हॅरीने तान्ह्या मुलाचे सोंग घेणारा चोर रंगविला. त्याचे दिग्दर्शक टॉड ब्राउनिंग यांनीच 1932 मध्ये मेट्रो-गोल्डविन-मायरसाठी 'फ्रीक्स' हा बोलपट काढला. कोवळ्या वयात घर सोडून सर्कशीत गेलेल्या ब्राउनिंगना तंबूतले जग आतून ठाऊक होते.

या बोलपटात तंबूतून दाखविली जाणारी माणसेच नट म्हणून घेतली होती. झोक्यावर कसरती करणारी एक रूपवती ठेंगण्या हान्सशी केवळ त्याच्या पैशासाठी लग्न करते व त्याला विष घालू लागते. हान्सचे सोबती एकजुटीने तिचा सूड घेतात. हान्स झाला होता हॅरी. विद्रूप ठरविलेल्यांचे जिव्हाळ्याचे जग आणि सुरूप माणसांचे काळे मन, असा हा उलटा आरसा होता.

दुर्दैव असे की, खुद्द स्टुडिओतील लोकांनाच त्यात पाहवले नाही. या कलावंतांच्या पंक्तीला बसून जेवण जात नाही अशी तक्रार झाली. त्यांतील बहुतेकांना वेगळ्या तंबूत जेवावे लागले. पंक्तिभेद ही काही केवळ आपलीच मिरास नव्हे! प्रेक्षकही बिथरले. बोलपट कापून तासाभराचा करण्यात आला. ब्रिटनमध्ये तर 1963 पर्यंत त्यावर बंदी होती. पुढे काळाने न्याय केला. 1994 साली अमेरिकेने जतन करावयाच्या राष्ट्रीय चित्रपटांत त्याची गणना केली.

चौघा भावंडांनी मात्र कोणाच्या न्यायाची वाट पाहिली नाही. 'द विझर्ड ऑफ ऑझ' या 1939 सालच्या चित्रपटात ती चौघेही होती. रिंगलिंग सर्कशीत त्यांनी वर्षानुवर्षे कष्ट केले आणि त्या कमाईतून फ्लॉरिडातील सारासोटा येथे एकत्र घर केले. हॅरी 1985 मध्ये निवर्तला. धाकटी टायनी 2004 पर्यंत जगली.

आम्हां शिक्षकांना मुलांची रांग उंचीप्रमाणे लावण्याची सवय असते. रांगेपुरते ते ठीक आहे. पहिल्या जागी उभ्या असलेल्या ठेंगण्या मुलाला वर्गातील हसण्याचा विषय होऊ न देणे, एवढे तरी घरी आणि शाळेत आपल्या हाती आहे.