संन्यास आणि लोकसत्ता : स्वामी रामानंद तीर्थ यांचे राजकीय जीवन

धर्मसंस्थेशी बांधलेली व्यक्ती राजकारणात येते, तेव्हा ती नेमकी कोणत्या अधिकाराने बोलते, हा प्रश्न सर्व समाजांत विचारला गेला आहे. रोमन कॅथलिक परंपरेत या प्रश्नाचे उत्तर लिखित नियमाने दिले आहे. १९८३च्या धर्मसंहितेनुसार धर्मगुरूने शासकीय सत्तेचे पद स्वीकारू नये. अमेरिकेच्या प्रतिनिधिगृहात निवडून गेलेले जेझुइट धर्मगुरू रॉबर्ट ड्रायनन यांनी पोपच्या आदेशानुसार १९८० साली पुन्हा उमेदवारी केली नाही. याउलट ऑर्थोडॉक्स पंथाचे आर्चबिशप मकारिओस हे १९६० साली सायप्रसचे पहिले राष्ट्राध्यक्ष झाले. हिंदू परंपरेत अशी एकसूत्री धर्मसंहिता नाही. तेथे पुरोहित, मठाधिपती व संन्यासी या तीन भूमिका वेगवेगळ्या आहेत आणि राजकारणाशी त्यांचे येणारे संबंधही वेगवेगळे आहेत.

पुरोहिताचा अधिकार विधीतून व यजमानाशी असलेल्या नात्यातून येतो. मठाधिपतीमागे मठाची मालमत्ता, शिष्यसंप्रदाय व परंपरा उभी असते. संन्यासी मात्र या दोहोंचा त्याग केलेला असतो. जुन्या हिंदू विधीनुसार संन्यासग्रहण हा एक प्रकारचा नागरी मृत्यू मानला जाई. पूर्वाश्रमीच्या मालमत्तेवरील व वारशावरील हक्क त्यामुळे संपुष्टात येत. भारतीय संविधानाने मात्र संन्याशाचा मताधिकार वा उमेदवारीचा हक्क काढून घेतलेला नाही. म्हणजे कुटुंब व संपत्ती यांच्या दृष्टीने जो समाजाबाहेर गेला, तो नागरिक म्हणून समाजातच राहिला. या विसंगत वाटणाऱ्या स्थितीचा राजकीय अर्थ मराठी प्रदेशात सर्वाधिक स्पष्टपणे उलगडून दाखविणारे जीवन म्हणजे हैदराबाद मुक्तिलढ्याचे नेते स्वामी रामानंद तीर्थ यांचे होय.

स्वामीजींचा जन्म ३ ऑक्टोबर १९०३ रोजी तत्कालीन विजापूर जिल्ह्यातील सिंदगी येथे झाला. पूर्वाश्रमीचे त्यांचे नाव व्यंकटेश भवानराव खेडगीकर. कन्नड प्रदेशात जन्मलेल्या या मराठी कुटुंबातील मुलाचे शिक्षण सोलापूर, अमळनेर व पुणे येथे झाले. पुण्यात टिळक महाराष्ट्र विद्यापीठात त्यांचे उच्च शिक्षण पूर्ण झाले. लोकमान्य टिळकांच्या निधनानंतर आजन्म ब्रह्मचारी राहून देशसेवा करण्याचा संकल्प त्यांनी केला, असे त्यांचे चरित्रकार नोंदवितात. कामगार नेते ना. म. जोशी यांच्यासमवेत त्यांनी काही काळ काम केले. आजारपणामुळे ते काम थांबले आणि ते निजामाच्या हैदराबाद संस्थानातील हिप्परगा येथील राष्ट्रीय शाळेत शिक्षक म्हणून आले. येथेच १९३०च्या दशकाच्या आरंभी नारायण तीर्थ यांच्याकडून त्यांनी संन्यासदीक्षा घेतली.

या घटनाक्रमाकडे लक्ष द्यावयास हवे. संन्यास आधी व राजकारण नंतर, असा येथील क्रम नाही. राष्ट्रकार्याचा संकल्प व कामगार चळवळीचा अनुभव आधी आहे. संन्यास हे त्या संकल्पाचे पुढचे पाऊल आहे. ‘तीर्थ’ हे दशनामी संन्याशांच्या दहा नामांपैकी एक. लाहोरमध्ये गणिताचे प्राध्यापक असलेले आणि पुढे वेदान्ताचे प्रवक्ते झालेले स्वामी रामतीर्थ यांच्या विचारांचा प्रभाव या परंपरेवर होता. मोक्षसाधना आणि लोकसेवा यांत विरोध न मानणारा हा नववेदान्ती दृष्टिकोन स्वामीजींच्या पुढील वाटचालीचा पाया ठरला. दीक्षेनंतर ते एखाद्या मठात गेले नाहीत. ते शाळेतच राहिले. १९३५ साली अंबाजोगाई येथे योगेश्वरी नूतन विद्यालयाच्या कार्यात त्यांनी स्वतःला वाहून घेतले. शिष्य मिळविण्याऐवजी त्यांनी विद्यार्थी घडविले, आणि पुढे मुक्तिलढ्यातील अनेक कार्यकर्ते याच विद्यार्थिवर्गातून आले.

हैदराबाद संस्थानाची रचना ध्यानात घेतल्याशिवाय पुढील टप्प्याचे महत्त्व कळणार नाही. आठ तेलुगू, पाच मराठी व तीन कन्नड जिल्ह्यांच्या या संस्थानात बहुसंख्य प्रजा हिंदू होती, तर राजसत्ता मुस्लिम. सभा, संघटना व वृत्तपत्रे यांवर कडक निर्बंध होते. त्यामुळे भाषिक परिषदा हेच सार्वजनिक जीवनाचे साधन बनले. महाराष्ट्र परिषदेचे पहिले अधिवेशन १९३७ साली परतूर येथे भरले. १९३८ साली हैदराबाद स्टेट काँग्रेसची स्थापना होण्यापूर्वीच सरकारने तिच्यावर बंदी घातली. त्याविरुद्ध त्या वर्षीच्या ऑक्टोबरात सत्याग्रह सुरू झाला आणि स्वामीजींना कारावास घडला. त्याच सुमारास आर्य समाज व हिंदू महासभा यांचेही सत्याग्रह चालू होते. दोन्ही आंदोलनांची सरमिसळ होऊन नागरी हक्कांच्या मागणीला धार्मिक रंग चढेल, या भीतीने महात्मा गांधींच्या सल्ल्यावरून स्टेट काँग्रेसने डिसेंबर १९३८ मध्ये सत्याग्रह स्थगित केला.

येथेच संन्यासी नेतृत्वाची खरी कसोटी होती. भगवी वस्त्रे परिधान केलेला नेता मुस्लिम राजसत्तेविरुद्ध उभा राहतो, तेव्हा लढ्याचा अर्थ धार्मिक लावला जाणे अगदी सोपे असते. स्वामीजींनी मात्र मागणी सातत्याने एकच ठेवली : जबाबदार राज्यपद्धती. निजाम मुस्लिम आहे म्हणून नव्हे, तर तो प्रजेला उत्तरदायी नाही म्हणून विरोध, ही भूमिका त्यांनी सोडली नाही. १९४०च्या वैयक्तिक सत्याग्रहात ते पुन्हा तुरुंगात गेले. १९४६ साली बंदी उठल्यानंतर अध्यक्षपदाच्या निवडणुकीत मवाळ गटाविरुद्ध त्यांना निसटता विजय मिळाला. संन्याशाच्या वस्त्राने त्यांना पक्षांतर्गत स्पर्धेतून सूट दिली नाही, ही गोष्ट उल्लेखनीय आहे. त्यांना मते मागावी लागली, गट बांधावा लागला आणि विरोधही सोसावा लागला.

१९४७ साली परिस्थिती निर्णायक झाली. शेजारच्या म्हैसूर संस्थानाने भारतात सामील होण्याचा निर्णय घेतला आणि ‘म्हैसूर चलो’ आंदोलनानंतर ऑक्टोबर १९४७ मध्ये तेथे जबाबदार मंत्रिमंडळ अधिकारावर आले. हैदराबादेत मात्र निजामाने स्वतंत्र राहण्याचा पवित्रा घेतला. १५ ऑगस्ट १९४७ रोजी राष्ट्रध्वज फडकविल्याबद्दल स्वामीजींना अटक झाली. नोव्हेंबरातील ‘जैसे थे’ करारानंतर झालेली त्यांची सुटका अल्पकाळच टिकली. १९४८च्या आरंभी ते पुन्हा तुरुंगात गेले, ते सप्टेंबरातील पोलीस कारवाईपर्यंत. या काळात रझाकारांच्या अत्याचारांना तोंड देण्यासाठी सीमेवरील शिबिरांतून सशस्त्र प्रतिकार झाला. गांधीवादी संन्याशाच्या नेतृत्वाखालील संघटना शस्त्राकडे वळली, हा पेच नाकारता येत नाही. याच काळात, ऑगस्ट १९४८ मध्ये, विलीनीकरणाचा पुरस्कार करणारे ‘इमरोज’ या उर्दू पत्राचे संपादक शोएबुल्ला खान यांची हत्या झाली. लढ्याची रेषा धर्माच्या रेषेवरून जात नव्हती, याचा हा वेदनादायक पुरावा होय.

१३ ते १७ सप्टेंबर १९४८ या पाच दिवसांच्या कारवाईने संस्थान भारतात आले. त्यानंतर काही जिल्ह्यांत मुस्लिम जनतेवर झालेल्या हिंसाचाराची चौकशी करण्यासाठी केंद्राने पंडित सुंदरलाल यांची समिती पाठविली होती. सर्वधर्मसमभावाचा आग्रह नेत्याने कितीही धरला, तरी सूडाच्या लाटेपुढे तो सर्वत्र पोहोचत नाही, हे कटू सत्य यातून दिसते.

सत्ता हाती येण्याची वेळ आली, तेव्हा स्वामीजींनी मंत्रिपद घेतले नाही. १९५२ साली बी. रामकृष्ण राव मुख्यमंत्री झाले. स्वामीजी गुलबर्ग्यातून लोकसभेवर गेले आणि १९५७ साली औरंगाबादेतून. पहिला मतदारसंघ कन्नडबहुल आणि दुसरा मराठी, हा योगायोग सूचक आहे. कारण याच काळात त्यांनी हैदराबाद राज्याचे भाषावार त्रिभाजन व्हावे, हा आग्रह धरला. पंडित नेहरूंना हे विभाजन सहजी मान्य नव्हते. ज्या राज्याच्या मुक्तीसाठी आयुष्य वेचले, त्या राज्याचे अस्तित्वच संपविण्याची मागणी करणे ही राजकीय पुढाऱ्यासाठी सोपी गोष्ट नाही. आपला प्रभावाचा प्रदेशच त्यात विरून जातो. १ नोव्हेंबर १९५६ रोजी तेलंगण आंध्रात, मराठवाडा मुंबई राज्यात व कन्नड जिल्हे म्हैसूर राज्यात गेले. संन्याशाच्या अनासक्तीचा राजकारणातील अर्थ या निर्णयात अधिक नेमकेपणाने सापडतो. वस्त्राच्या रंगात तो शोधण्याचे कारण नाही.

१९६७ साली त्यांनी मुक्तिसंग्रामाच्या आठवणी इंग्रजीत ग्रंथबद्ध केल्या. २२ जानेवारी १९७२ रोजी हैदराबाद येथे त्यांचे निधन झाले. पुढे पंतप्रधान झालेले पी. व्ही. नरसिंह राव हे त्यांच्या कार्यकर्त्यांपैकी एक. नांदेड येथे १९९४ साली स्थापन झालेले विद्यापीठ त्यांच्या नावाने ओळखले जाते.

स्वातंत्र्योत्तर काळात अनेक महंत, मठाधिपती व साधू विधिमंडळांत आणि संसदेत गेले. काही मंत्री व मुख्यमंत्रीही झाले. त्यांच्यापैकी बहुतेकांच्या मागे मठ, संप्रदाय वा जातिसमूह यांचे संघटित बळ होते. स्वामीजींच्या मागे शाळा होती, भाषिक परिषद होती आणि तुरुंगातील सहवास होता. धर्माने त्यांना अनुयायी दिले नाहीत. स्वतःसाठी काही न मागण्याची शिस्त दिली. त्या शिस्तीनेही पक्षातील भांडणे मिटली नाहीत आणि हिंसाही टळली नाही. परंतु नेत्याच्या शब्दामागे त्याचा स्वतःचा लाभ नाही, हा विश्वास त्यातून निर्माण झाला. लोकशाहीत धर्मपुरुषाला स्थान असेल, तर ते कोणत्या अटीवर, या प्रश्नाचा विचार करताना हा जीवनक्रम म्हणूनच विचारात घ्यावा लागतो.